पुस्तक कुणी वाचले, तेही छापावे

मा. संपादक यांस,
सप्रेम नमस्कार.

आपल्या दैनिकाच्या रविवारच्या पुरवणीत गेल्या काही महिन्यांपासून नव्या मराठी श्राव्य पुस्तकांची नोंद घेणारे एक छोटे सदर येते. छापील पुस्तकांच्या परीक्षणांनाच जागा अपुरी पडत असताना आपण ऐकायच्या पुस्तकांसाठी वेगळी चौकट राखली, याचे माझ्यासारख्या डोळे थकलेल्या वाचकांना फार अप्रूप आहे. त्या चौकटीत पुस्तकाचे नाव असते, लेखकाचे असते, मूळ प्रकाशकाचे असते आणि ऐकायला किती तास लागतील हेही असते. ज्या व्यक्तीने माइकसमोर बसून ते सगळे तास वाचून काढले, तिचे नाव मात्र आजवरच्या एकाही नोंदीत मला सापडले नाही. हे मुद्दाम होत असेल असे मला वाटत नाही. आपल्याकडे या माणसाला काय म्हणायचे हेच अजून नीट ठरलेले नाही. कुणी निवेदक म्हणते, कुणी अभिवाचक, कुणी नुसते 'आवाज', आणि स्टुडिओत तर सर्रास 'व्हॉइस आर्टिस्ट' असेच म्हणतात. मी या पत्रात अभिवाचक हा शब्द वापरते. त्या अभिवाचकाचे नाव पुस्तकाच्या नावासोबत छापावे, ही माझी विनंती आहे. ती का करावीशी वाटली हे सांगण्यासाठी मला एका अमेरिकी अभिवाचकाची कारकीर्द थोडी सविस्तर मांडावी लागेल, तेवढी जागा कृपया द्यावी.

मी २००२ साली माध्यमिक शाळेतून मराठीची शिक्षिका म्हणून निवृत्त झाले आणि पुढच्या वर्षीच्या हिवाळ्यात मुलाकडे अमेरिकेत ओहायो राज्यात चार महिने राहिले. बाहेर गुडघाभर बर्फ, मुलगा-सून दिवसभर कामावर, आणि माझे इंग्रजी वाचण्यापुरते चांगले असले तरी तिथल्या माणसांचे बोलणे कानाला लागत नव्हते. सुनेने गावातल्या सार्वजनिक ग्रंथालयातून कॅसेटवरच्या पुस्तकांचा एक संच आणून दिला. स्टीफन किंग यांची 'द ग्रीन माइल' ही कादंबरी १९९६ मध्ये मुळातच सहा छोट्या भागांत प्रसिद्ध झाली होती आणि तिचे ध्वनिमुद्रणही सहा भागांत होते. किंग म्हणजे भुताखेतांचे लेखक एवढेच मी ऐकून होते, म्हणून सुरुवातीला मी ते बाजूलाच ठेवले होते. मग एका दुपारी पहिली कॅसेट लावली आणि स्वयंपाकघरातल्या खुर्चीवर अंधार पडेपर्यंत बसून राहिले. वृद्धाश्रमात राहणारा एक म्हातारा माणूस १९३२ साली आपण फाशीच्या कैद्यांच्या कोठड्यांवर पहारेकरी होतो तेव्हाची हकिकत आठवून सांगतो आहे, आणि तो ती खरोखर मलाच सांगतो आहे, असे मला वाटले. महिनाभर माझ्या कानाला न लागलेली भाषा त्या आवाजात सहज समजू लागली. डबीवर लेखकाच्या नावाखाली वाचणाऱ्याचे नाव छापलेले होते, फ्रँक मुलर. दुसऱ्या दिवशी मी सुनेला सांगितले की किंग यांचे दुसरे पुस्तक मिळाले नाही तरी चालेल, या माणसाने वाचलेले दुसरे काहीही आण.

ग्रंथालयातल्या बाईंना या मागणीचे काहीच नवल वाटले नाही. त्यांच्या यादीत लेखकाच्या नावावरून जसे पुस्तक शोधता येत होते तसेच वाचणाऱ्याच्या नावावरूनही येत होते. ही गोष्ट मी तेव्हा मनात नोंदवून ठेवली आणि हे पत्र एका अर्थी तिथूनच सुरू होते.

मुलर यांचा जन्म १९५१ साली नेदरलंड्समध्ये झाला. अमेरिकेत ते रंगभूमीवरचे नट म्हणून काम करत होते. १९७९ साली मेरीलँड राज्यात हेन्री ट्रेंटमन नावाच्या एका फिरत्या विक्रेत्याने 'रेकॉर्डेड बुक्स' ही कंपनी सुरू केली. कामानिमित्त त्याला तासन् तास गाडी चालवावी लागे आणि रेडिओचा कंटाळा येई, म्हणून संपूर्ण पुस्तके कॅसेटवर मुद्रित करून टपालाने भाड्याने द्यायची अशी त्याची कल्पना होती. असा प्रयत्न अगदीच पहिला नव्हता. चार वर्षे आधी कॅलिफोर्नियात 'बुक्स ऑन टेप' ही कंपनी याच गरजेतून निघाली होती. मुलर हे 'रेकॉर्डेड बुक्स'चे पहिले अभिवाचक. त्यांच्या आवाजातल्या जॅक लंडन यांच्या 'द सी वुल्फ' या कादंबरीने कंपनीच्या यादीची सुरुवात झाली.

यातला 'संपूर्ण' हा शब्द महत्त्वाचा आहे. पुढे ऐंशीच्या दशकात मोठे प्रकाशक या धंद्यात उतरले तेव्हा त्यांचा रिवाज पुस्तक कापून दोन कॅसेटींत, म्हणजे सुमारे तीन तासांत बसवण्याचा होता. तीन तास एखादा नामवंत नट आपल्या आवाजाच्या जोरावर सहज निभावून नेतो. हर्मन मेलव्हिल यांची 'मॉबी डिक' कापाकापी न करता वाचायची तर वीस तासांहून अधिक काळ ऐकणाऱ्याला धरून ठेवावे लागते, आणि त्या कादंबरीत कथानक थांबवून देवमाशांच्या जाती, त्यांची चरबी, दोरखंड आणि जहाजावरची हत्यारे यांवर पानेच्या पाने लिहिलेली आहेत. मुलर यांनी ती पूर्ण वाचली आहे. मी ती नंतर ऐकली, आणि छापील पुस्तकात जी प्रकरणे मी चक्क उलटून टाकली असती ती त्यांच्या आवाजात मन लावून ऐकली, कारण वाचणाऱ्याला स्वतःला त्यांचा कंटाळा आलेला नव्हता. अभिवाचकाचा कंटाळा ऐकणाऱ्याला पहिल्या दोन वाक्यांत कळतो आणि त्याचे कुतूहलही तितक्याच लवकर कळते.

मुलर यांच्या वाचनाबद्दल मला जे उमगले ते शिक्षिकेच्या नात्याने सांगते, कारण वर्गात धडा वाचून दाखवण्यातच माझे आयुष्य गेले. आपल्याकडे 'चांगले वाचतो' म्हणजे आवाज चढवतो, पात्रांचे आवाज काढतो, करुण प्रसंगात गळा दाटून आणतो, असा समज खोलवर रुजलेला आहे, आणि शालेय वक्तृत्व स्पर्धांनी तो पक्का केला आहे. मुलर यातले जवळजवळ काहीच करत नाहीत. त्यांचा आवाज खालच्या पट्टीतला, जवळून येणारा आहे. बाईचे संवाद वाचताना ते आवाज बारीक करत नाहीत, फक्त वाक्याचे वजन थोडे हलवतात, आणि तेवढ्यावर कोण बोलते आहे हे स्वच्छ कळते. 'द ग्रीन माइल'मध्ये लुइझियानाचा फ्रेंच वळणाचे इंग्रजी बोलणारा एक कैदी आहे, त्याच्याशी क्रूरपणे वागणारा एक तरुण पहारेकरी आहे, आणि जॉन कॉफी हा मोजके बोलणारा धिप्पाड कैदी आहे. या तिघांची बोलणी वेगवेगळी आहेतच, पण ती त्या म्हाताऱ्या पहारेकऱ्याला जशी आठवतात तशी वेगळी आहेत. म्हणजे प्रत्येक पात्राच्या आवाजाखाली सांगणाऱ्याचा आवाज सतत चालू राहतो. कादंबरी प्रथमपुरुषी असेल तर हे असेच असायला हवे, हे मला साहित्याच्या पुस्तकांतून जितके कळले नव्हते तितके त्या कॅसेटींनी कळले. पहिल्या भागात एखाद्या पात्राला दिलेली लकब सहाव्या भागात जशीच्या तशी परत येते, आणि हे काम काही एका बैठकीत होत नाही, अनेक दिवस चालते. मधल्या दिवसांत वाचणाऱ्याला सर्दी होते, झोप झालेली नसते, घरी काहीतरी घडलेले असते. ऐकणाऱ्याला त्याचा पत्ता लागत नाही.

बावीस वर्षांत मुलर यांनी चार्ल्स डिकन्सपासून कॉर्मॅक मॅकार्थी, जॉन ग्रिशॅम आणि जोनाथन लेथमपर्यंत अनेकांची पुस्तके वाचली. लेथम यांच्या 'मदरलेस ब्रुकलिन' या कादंबरीचा नायक टुरेट सिंड्रोम या विकाराने ग्रासलेला आहे. त्याच्या तोंडून मध्येच असंबद्ध शब्द आणि शिव्या बाहेर पडतात, ज्यांवर त्याचा ताबा नसतो. हे कागदावर वाचणे एक आणि तोंडाने म्हणणे दुसरे. थोडे अधिक झाले तर माणसाची टिंगल होते, थोडे कमी झाले तर पुस्तकच उरत नाही. मुलर यांनी त्या माणसाला हास्यास्पद होऊ दिले नाही. एका वाक्यात त्यांच्या कामाचे कौतुक करायचे असेल तर मी एवढेच सांगेन.

किंग यांच्याशी त्यांचे नाते विशेष जवळचे होते. 'डिफरंट सीझन्स' हा दीर्घकथांचा संग्रह, 'द डार्क टॉवर' या लांबलचक मालिकेचे दुसरे, तिसरे आणि चौथे पुस्तक, 'द ग्रीन माइल', आणि किंग यांनी पीटर स्ट्रॉब यांच्यासोबत लिहिलेली २००१ सालची 'ब्लॅक हाउस', ही सगळी मुलर यांच्या आवाजात आहेत. त्याच वर्षी नोव्हेंबरमध्ये मुलर यांना मोटरसायकलचा भीषण अपघात झाला आणि मेंदूला गंभीर इजा झाली. वय पन्नास. जीव वाचला, पण पुस्तक वाचण्याचे काम त्यांना पुन्हा कधीही करता आले नाही. जून २००८ मध्ये त्यांचे निधन झाले. म्हणजे मी ओहायोत त्यांचा आवाज ऐकून भारावले होते तेव्हा तो आवाज थांबून दोन वर्षे झालेली होती, आणि मला ते ठाऊक नव्हते. सुनेने इंटरनेटवर शोधून मला सांगितले तेव्हा घरातलेच कुणीतरी आजारी असल्याची बातमी यावी तसे झाले. ज्याला मी कधी पाहिले नाही, ज्याचा फोटोही तोवर पाहिला नव्हता, त्या माणसासाठी मी रडले. लाज वाटावी असे त्यात काही आहे असे मला आजही वाटत नाही.

पुढे जे घडले ते आपल्या वाचकांपर्यंत पोचावे असे मला मनापासून वाटते. अभिवाचक हा बहुतेक वेळा नोकरीत नसतो. पुस्तकामागून पुस्तक असे काम मिळते आणि ज्या दिवशी घसा बसतो त्या दिवशी उत्पन्न थांबते. मुलर यांच्या उपचारांचा आणि कुटुंबाचा प्रश्न उभा राहिला तेव्हा, ज्यांची पुस्तके त्यांनी वाचली होती ते लेखक पुढे आले. २ फेब्रुवारी २००२ रोजी न्यूयॉर्कच्या टाउन हॉल या सभागृहात स्टीफन किंग, जॉन ग्रिशॅम, पॅट कॉनरॉय आणि पीटर स्ट्रॉब यांनी मुलर यांच्या मदतीसाठी आपापल्या लेखनाचे वाचन केले. ज्या माणसाने आयुष्यभर यांचे लेखन लोकांना वाचून दाखवले त्याच्यासाठी लेखकांनी स्वतः मंचावर उभे राहून वाचावे, यापेक्षा योग्य परतफेड मला सुचत नाही. किंग यांना १९९९ मध्ये रस्त्याने चालत असताना एका व्हॅनने उडवले होते आणि त्या अपघातातून ते मोठ्या कष्टाने उठले होते. एका क्षणात कामच थांबणे म्हणजे काय हे त्यांना स्वानुभवाने माहीत होते. २००६ मध्ये त्यांनी 'हेवन फाउंडेशन' ही संस्था स्थापन केली. अपघाताने किंवा आजाराने काम करणे अशक्य झालेल्या स्वतंत्र व्यावसायिक कलावंतांना ती मदत करते. आणि 'द डार्क टॉवर'चे पाचवे पुस्तक २००३ मध्ये आले तेव्हा त्याची अर्पणपत्रिका मुलर यांच्या नावाने होती. माझ्या डोक्यातले आवाज ज्याला ऐकू येतात त्या फ्रँक मुलरसाठी, असा तिचा आशय आहे. लेखकाने अभिवाचकाला दिलेली इतकी नेमकी पावती माझ्या पाहण्यात दुसरी नाही.

त्या पाचव्या पुस्तकापासून मालिका जॉर्ज गिडॉल यांनी वाचली. तेही थोर अभिवाचक आहेत. १९३८ चा जन्म, रंगभूमीवरचा मोठा अनुभव, हजाराहून अधिक पुस्तके, आणि वयाची ऐंशी उलटल्यावरही काम चालू. तरीही चौथ्या आणि पाचव्या पुस्तकांमध्ये आवाज बदलला हे ऐकणाऱ्यांना जाणवले, त्यावर चर्चा झाल्या, कुणाला हा आवाज आपला वाटला तर कुणाला तो. माझा मुद्दा हा आहे की अशी चर्चा होण्यासाठी मुळात नावे माहीत असावी लागतात.

आता आपल्याकडे वळते. २०१७ च्या अखेरीस 'स्टोरीटेल'सारखी ॲप भारतात मराठीसह सुरू झाली तेव्हापासून मराठी श्राव्य पुस्तकांची संख्या झपाट्याने वाढली आहे, आणि पुष्कळ अभिवाचन उत्तम दर्जाचे आहे. पण ही परंपरा काही २०१७ साली सुरू झाली नाही. माझ्या लहानपणी आमच्या वाड्यात चातुर्मासात पोथी लागत असे. वाचणारे गृहस्थ रोज ठरलेल्या वेळी येत, ओवी वाचत आणि शेजारी बसलेले दुसरे गृहस्थ अर्थ सांगत. समाप्तीच्या दिवशी वाचणाऱ्याला पाटावर बसवून, शाल-श्रीफळ आणि शिधा देऊन नमस्कार केला जाई. पोथी ज्यांनी लिहिली त्यांचे नाव ओवीत असे, आणि ज्यांनी वाचली त्यांचे नाव सगळ्या आळीला ठाऊक असे. वाचणाऱ्याचा मान ठेवणे आपल्याला कुणाकडून शिकण्याची गरज नव्हती, आपण ते मध्येच कुठेतरी विसरलो.

श्राव्य पुस्तकांचे मूळ तर अंधांसाठीच्या वाचनात आहे हेही लक्षात घ्यावे. अमेरिकेत १९३४ पासून अंध वाचकांसाठी बोलकी पुस्तके तबकड्यांवर मुद्रित होऊ लागली. अलेक्झांडर स्कर्बी हे तिथले विख्यात नट, ज्यांचा आवाज चित्रपटांत आणि माहितीपटांत सर्वत्र ओळखला जाई, त्यांनी १९३७ पासून अंधांसाठी वाचायला सुरुवात केली आणि संपूर्ण बायबलसह चारशेहून अधिक पुस्तके वाचली. मी काही कुणी कलावंत नाही, पण २००४ पासून मीही अंध विद्यार्थ्यांसाठी मराठी पुस्तके वाचून मुद्रित करते आहे, आणि ओहायोतल्या त्या कॅसेटी हेच त्याचे कारण आहे. घरात स्टुडिओ नाही. रस्ता जागा होण्यापूर्वी पहाटे चार ते साडेसहा हीच वेळ, पंखा बंद, खिडकीला गोधडी. इतक्या वर्षांत एवढे कळले की तासभराचे निर्दोष मुद्रण हाती यायला मला किमान तीन तास लागतात, आणि आदल्या दिवशी पुस्तक वाचून खुणा करण्याचा वेळ त्यात धरलेला नाही.

मराठी वाचणाऱ्याच्या अडचणी इंग्रजीपेक्षा वेगळ्या आहेत आणि त्यांची दखल कुणी घेत नाही, म्हणून एकदोन सांगते. आपली लिपी उच्चारानुसार चालते असे आपण अभिमानाने म्हणतो, पण च, ज आणि झ यांचे दोन-दोन उच्चार आपण एकाच अक्षरात लिहितो. 'जरा थांब' मधला जरा आणि 'जरा-मरण' मधला जरा कागदावर सारखेच दिसतात, 'माझा' आणि 'माझी' यांतला झ वेगळा आहे हे कुठेही लिहिलेले नसते. डोळ्यांनी वाचणारा यावरून सहज पुढे जातो, मोठ्याने वाचणाऱ्याला मात्र प्रत्येक ठिकाणी निर्णय घ्यावा लागतो. त्यात कादंबरी मालवणी, वऱ्हाडी किंवा अहिराणी बोलणाऱ्या माणसांची असली की त्या बोलीची चाल, तिचे हेल, कुठला शब्द ओढायचा आणि कुठला तोडायचा, हे त्या भागातल्या माणसाकडून समजून घ्यावे लागते. एका वऱ्हाडी कादंबरीसाठी मी अकोल्याच्या एका निवृत्त सहशिक्षकांना रोज संध्याकाळी फोन करून पुढच्या दिवसाची पाने वाचून दाखवत असे आणि ते न कंटाळता चुका दुरुस्त करत असत. कादंबरी पूर्ण झाल्यावर मुद्रणाच्या सुरुवातीला मी त्यांचेही नाव घेतले. ते मुद्रण ऐकलेल्या एका अंध विद्यार्थ्याने पुढे मला विचारले की ते सर आता कसे आहेत. नाव घेतले नसते तर हा प्रश्न आला नसता.

माझी एक जुनी विद्यार्थिनी व्यवसाय म्हणून हे काम करते. तिने एका कंपनीसाठी तीन कादंबऱ्या वाचल्या. मोबदला तासावर ठरला होता, पण तो तिने घालवलेल्या तासांवर नव्हे, तर कापून-जोडून तयार झालेल्या मुद्रणाच्या तासांवर. या क्षेत्राची ती रीतच आहे, आणि दर योग्य असेल तर तिला हरकत घेण्याचे कारण नाही. दुःख वेगळ्याच गोष्टीचे झाले. पुस्तके प्रसिद्ध झाली तेव्हा त्यांतल्या एकावर दुसऱ्याच व्यक्तीचे नाव होते आणि उरलेल्या दोनांवर कुणाचेच नव्हते. तिने दोनदा पत्र लिहिले. उत्तर आले की दुरुस्ती पुढच्या टप्प्यात होईल. त्याला आता दीड वर्ष झाले.

येथे कायद्याची एक बाब नमूद करणे मला आवश्यक वाटते, कारण ती अभिवाचकांनाही फारशी ठाऊक नाही. आपल्या कॉपीराइट कायद्यात 'कला सादर करणारा' या संज्ञेत नट, गायक, वादक, नर्तक, कसरतपटू, जादूगार, गारुडी आणि व्याख्याता यांची नावे आहेत, आणि त्यांच्यापुढे 'सादरीकरण करणारी इतर कोणतीही व्यक्ती' असे शब्द आहेत. पुस्तक वाचून मुद्रित करणारा अभिवाचक या शेवटच्या शब्दांत बसू नये असे कोणतेही कारण मला दिसत नाही. २०१२ च्या दुरुस्तीने या कायद्यात कलम ३८ ब आले. त्यानुसार, सादरीकरणाच्या वापराच्या स्वरूपामुळेच नाव वगळणे भाग पडत नसेल तर, सादर करणाऱ्याला आपली ओळख त्या सादरीकरणासोबत दिली जावी असा हक्क आहे, आणि त्याने आपले इतर हक्क दुसऱ्याला लिहून दिले असले तरी हा हक्क त्याच्याकडेच राहतो. ॲपवर पुस्तकाच्या नावाखाली एक ओळ वाढवणे, किंवा वृत्तपत्राच्या चौकटीत दोन शब्द वाढवणे, यात वापराच्या स्वरूपाची कोणतीही अडचण असू शकत नाही.

हे सारे आज लिहिण्याचे आणखी एक कारण आहे. यंत्राने तयार केलेल्या आवाजात पुस्तके विकण्यास सुरुवात झाली आहे. 'ॲपल'ने जानेवारी २०२३ मध्ये इंग्रजी पुस्तकांसाठी अशी सोय आणली, आणि मराठी यंत्रआवाजही दिवसेंदिवस सुधारत आहेत. मी त्यांच्या विरोधात नाही. माझे अंध विद्यार्थी वर्तमानपत्र, परीक्षेचे संदर्भ आणि सरकारी परिपत्रके यंत्राच्या आवाजात, आणि मला समजणारही नाही इतक्या वेगाने, ऐकतात. ते त्यांच्या स्वावलंबनाचे साधन आहे आणि ज्या हजारो पुस्तकांना कधीच माणूस मिळणार नाही त्यांच्यासाठी यंत्र येऊ दे. पण कादंबरी लागली की तेच विद्यार्थी मला विचारतात, बाई, हे कुणी वाचले आहे? या प्रश्नाचे उत्तर त्यांना मिळायला हवे. माणसाने वाचलेल्या पुस्तकावर त्याचे नाव नसेल, तर उद्या त्याच यादीत यंत्राने वाचलेले पुस्तक येईल तेव्हा दोन्ही नोंदी सारख्याच दिसतील, आणि फरक आहे हे ग्राहकाला कळण्याची सोयच उरणार नाही. म्हणून यंत्राचा आवाज असेल तर तसेही स्पष्ट छापावे.

तेव्हा आपणास माझी विनंती अशी. रविवारच्या सदरात पुस्तकाच्या आणि लेखकाच्या नावानंतर 'अभिवाचन' असे लिहून त्यापुढे नाव द्यावे. प्रकाशकाने किंवा ॲपने ते कळवले नसेल तर ते मागून घ्यावे, कारण एका मोठ्या दैनिकाने विचारणा केली की जी दुरुस्ती दीड वर्षात होत नाही ती आठवड्यात होईल. आपले परीक्षक श्राव्य पुस्तकाबद्दल लिहितात तेव्हा लेखनाइतक्याच गांभीर्याने वाचनाबद्दलही दोन परिच्छेद लिहावेत, आणि वाचन वाईट असेल तर तेही नावानिशी सांगावे, ते आम्हाला चालेल. शक्य झाल्यास वर्षातून एकदा एखाद्या मराठी अभिवाचकाची मुलाखत छापावी, आणि सुरुवात कुणापासून करावी असा प्रश्न पडला तर ज्यांनी अंधशाळांच्या लहानशा खोल्यांत वर्षानुवर्षे विनामोबदला वाचले आहे अशा ज्येष्ठांपैकी काहींचे पत्ते मी त्यांच्या परवानगीने आपणास कळवीन. त्यांतल्या दोघी आता नव्वदीच्या घरात आहेत, त्यामुळे हे काम लवकर हाती घ्यावे लागेल.

आपली,
एक निवृत्त मराठी शिक्षिका,
सातारा